कोवळी चरी आणि दोन बाणांचा निरोप

झाशी जंक्शनच्या रुळांपलीकडे, प्रेमनगरला लागून, नगरा नावाची वस्ती आहे. रेल्वेतील नोकरदारांची घरे, हाटाचे मैदान, आणि शहर चहूबाजूंनी वाढत आले तरी गल्लीबोळांतून टिकून राहिलेले म्हशींचे गोठे, असे तिचे रूप. या गोठेवाल्यांपाशी शेती नाही. हिरवा चारा भोवतालच्या खेड्यांतून पेंढ्यांच्या रूपाने विकत येतो आणि पावसाळ्याच्या आरंभी त्यांतील बहुतेक पेंढ्या चरीच्या असतात. चरी म्हणजे आपल्याकडचे कडवळ. चाऱ्यासाठी दाट पेरलेली ज्वारी.

गेल्या आषाढात पहिला पाऊस झाला आणि पुढे तीन आठवडे आभाळ कोरडे राहिले. गुडघ्याएवढी झालेली चरी उभ्या शेतात मान टाकू लागली. त्याच सुमारास एका सकाळी शेजारच्या गोठ्यातील दाऊंनी (बुंदेलखंडात वडीलधाऱ्या माणसाला आदराने ‘दाऊ’ म्हणतात) आपला मोबाईल माझ्यापुढे धरला. पडद्यावर लाल अक्षरांत मजकूर होता: ज्वारीच्या चाऱ्यात सायनाइड असते, जनावर दहा मिनिटांत मरते, ज्वारी ताबडतोब बंद करा, हा निरोप प्रत्येक शेतकऱ्यापर्यंत पोहोचवा. खाली तोंडाला फेस आलेल्या मृत गाईचे छायाचित्र होते. मजकूर कोणी लिहिला, गाय कोणत्या जिल्ह्यातील, घटना कोणत्या महिन्यातील, याचा काहीही पत्ता नव्हता. वरच्या कोपऱ्यात मात्र दोन बाणांची खूण होती.

दाऊंनी आठ दिवसांपूर्वीच चरी बंद केली होती. तेवढ्यावर ते थांबले नव्हते. माळ्यावर रचून ठेवलेली गेल्या हंगामातील करबी, म्हणजे वाळलेला कडबाही, त्यांनी मिळेल त्या भावाने काढून टाकला होता. कारण तीही ज्वारीच. चार म्हशी निव्वळ गव्हाच्या भुशावर होत्या आणि दूध रोज तीन-चार लिटरने उतरले होते. घरोघरीचे रतीब तुटू लागले होते.

बबीन्याकडील एका खेड्यात राहणाऱ्या त्यांच्या मेहुण्यांची गोष्ट याच्या उलट. हाच निरोप त्यांनाही आला होता. परंतु ज्या क्रमांकावरून तो आला, त्याच क्रमांकावरून पूर्वी कोंबडीच्या मांसाने करोना होतो असेही कळवण्यात आले होते. त्यामुळे त्यांनी तो वाचला आणि सोडून दिला. कापलेल्या उन्हाळी चरीच्या खुंटांना आलेले वीतभर फुटवे त्यांच्या गाईने खाल्ले आणि पशुवैद्य पोहोचण्यापूर्वीच ती दगावली.

एकाने निरोप पूर्ण खरा मानला, दुसऱ्याने पूर्ण खोटा. नुकसान दोघांचेही झाले. आणि निरोपातील मूळ रसायनशास्त्र तर खरेच होते.

ज्वारीच्या कोवळ्या पानांत धुरिन नावाचे द्रव्य असते. जनावराने पाने चावली की पेशी फुटतात, विकरांची क्रिया घडते आणि हायड्रोसायनिक आम्ल मुक्त होते. हे आम्ल शरीरातील पेशींना प्राणवायू वापरू देत नाही. रक्तात प्राणवायू असूनही जनावर गुदमरते. पीक सुमारे चाळीस दिवसांच्या आत असताना, त्याला पाण्याचा ताण बसलेला असताना, कापणीनंतर नवा फुटवा येत असताना किंवा नत्राची मात्रा अतिरिक्त झालेली असताना धोका वाढतो. पीक निम्मे फुलोऱ्यात आले की विषद्रव्याचे प्रमाण इतके उतरते की चारा निर्धास्तपणे घालता येतो. मुरघास केल्याने ते आणखी कमी होते, आणि पक्व पिकाच्या, नीट वाळलेल्या कडब्याची धास्ती बाळगण्याचे कारण नाही. बाधा झालीच तर सोडियम नायट्राइट व सोडियम थायोसल्फेट ही औषधे पशुवैद्य शिरेतून देतात. मात्र हाताशी वेळ फार थोडा असतो.

यातील कोणतीही गोष्ट नवी नाही. भारतीय गवत व चारा संशोधन संस्था १९६२ पासून याच झाशीत आहे. म्हणजे योग्य माहिती दाऊंच्या गोठ्यापासून काही किलोमीटरवर बासष्ट सालापासून उपलब्ध होती. अर्धवट माहिती मात्र थेट त्यांच्या खिशात येऊन पोहोचली. आपण विस्तार क्षेत्रातील माणसे याचे खापर बहुधा शेतकऱ्याच्या अज्ञानावर किंवा अफवा पसरवणाऱ्यांच्या खोडसाळपणावर फोडतो. मला या वेळी वेगळे दिसले. माहिती ज्या साधनातून येते, ते साधन तिचा काही भाग ठळक करते, काही भाग गाळते आणि ऐकणाऱ्याला पुढे काय करता येईल याची मर्यादाही आखून देते. त्या लाल मजकुरातून ‘केव्हा’ गळून गेले होते. ज्वारीच्या विषाबाबत ‘केव्हा’ हेच तर सारे काही आहे.

एका शब्दात मावलेली अट

त्याच आठवड्यात मंगळवेढ्याहून माझ्या मावसभावाने हाच निरोप मराठीत पाठवला. मंगळवेढा म्हणजे ज्वारीचे माहेर. तेथील ज्वारीला भौगोलिक मानांकन आहे. अशा गावातील माणसाने ज्वारीच्या विषाची बातमी नवलाने पाठवावी याचे मला आश्चर्य वाटले. मी त्याला विचारले, “आजी काय म्हणायची आठवतं का? किरळ लागली म्हणायची ना?” पलीकडे क्षणभर शांतता पसरली. मग तो म्हणाला, “अरे, म्हणजे हे तेच होय!”

कोवळ्या ज्वारीने जनावराला बाधा झाली की आमच्याकडील जुनी माणसे ‘किरळ लागली’ म्हणत. किरळ म्हणजे ज्वारीचा कोवळा फुटवा. या शब्दात धोक्याची अट अंगभूत आहे. तो उच्चारताच ऐकणाऱ्याच्या डोळ्यांपुढे वीतभर उंचीचे हिरवे पोंगे उभे राहतात. कडबा उभा राहत नाही, निसवलेली कणसेही उभी राहत नाहीत. शिवाय हा शब्द बांधावर उभे राहून, पोंग्याकडे बोट दाखवून, गुरे हाकणाऱ्या पोराला सांगितला जाई. बोलणारा कोण, सांगतो कशाविषयी, वेळ कोणती, हे सारे समोरच असे. ‘सायनाइड’ हा शब्द मात्र माझ्या मावसभावाला दूरचित्रवाणीवरील गुन्हेगारी मालिकांतून ठाऊक होता. तो शब्द आला तो कुपीतील जहराची, हमखास मृत्यूची छाया घेऊनच आला. शास्त्रीयदृष्ट्या दोन्ही शब्द एकाच गोष्टीकडे निर्देश करतात, पण ऐकणाऱ्याच्या मनात ते दोन निरनिराळ्या वस्तू निर्माण करतात.

जुन्या बोलीचे गोडवे गाण्याचा माझा हेतू नाही. किरळ का लागते, त्यावर औषध कोणते, हे आजीला ठाऊक नव्हते. दगावलेल्या जनावराला ती दृष्टही लागली असे म्हणत असे. तरी विस्तार कार्यकर्त्याने घडीपत्रिका लिहिताना अशा एखाद्या शब्दाला ‘ग्राम्य’ म्हणून काट मारण्यापूर्वी जरा थांबावे, असे मला प्रामाणिकपणे वाटते.

चपात्या, पोथी आणि छापखाना

झाशीत बसून निरोपांविषयी लिहायचे आणि १८५७ आठवायचे नाही, हे अवघडच. त्या वर्षाच्या आरंभी उत्तर हिंदुस्थानात गावोगावी चपात्या फिरल्या. एका गावच्या चौकीदाराने शेजारच्या गावच्या चौकीदाराला चपात्या द्यायच्या, त्याने आणखी करून पुढे धाडायच्या. चपातीवर काही लिहिलेले नव्हते. तिचा अर्थ कोणालाही निश्चित सांगता आला नाही, तरीही ती ज्या वेगाने पसरली त्या वेगानेच अधिकारी हबकून गेले. कोणी तीत बंडाची खूण पाहिली, कोणी धर्म बुडवण्याचा डाव, तर कोणी साथीच्या रोगावरील तोडगा. निरोपात मजकूर नसला की लोक आपली भीती त्यात भरतात; आणि ‘पुढे पाठवा’ एवढीच आज्ञा असली तरी ती पाळतात.

झाशीच्या वेढ्याचे मराठीतील प्रत्यक्षदर्शी वर्णन आपल्यापर्यंत कसे आले, हेही पाहण्याजोगे आहे. पेणजवळच्या वरसई गावचे विष्णुभट गोडसे दक्षिणेच्या आशेने उत्तरेकडे निघाले आणि बंडाच्या वावटळीत सापडून झाशीत अडकले. त्यांनी आपली हकीकत लिहिली ती पुष्कळ वर्षांनंतर, आठवणीतून. चिंतामणराव वैद्य यांनी १९०७ साली ‘माझा प्रवास’ या नावाने ती छापून प्रसिद्ध केली, परंतु छापताना तिच्यावर संस्कार केले. मूळ हस्तलिखिताबरहुकूम आवृत्ती दत्तो वामन पोतदार यांच्या संपादनाने १९६६ साली आली. म्हणजे सुमारे साठ वर्षे मराठी वाचकाने जी झाशी पाहिली ती डोळ्यांनी पाहिलेली, मग आठवलेली, मग लिहिलेली आणि मग संपादकाच्या लेखणीखालून गेलेली झाशी होती. वैद्यांना दोष देण्याचा प्रश्न नाही. त्या काळी छापील पुस्तकाने काय सांगावे आणि काय सांगू नये याच्या मर्यादा त्यांच्यापुढे होत्या. छापखाना हेही एक चाळणीचे साधनच आहे.

शेतकऱ्याच्या बाबतीत तर मराठीत याहून बोलके उदाहरण आहे. महात्मा फुले यांनी १८८३ साली ‘शेतकऱ्याचा असूड’ पूर्ण केला. ज्यांच्याविषयी तो होता त्यांतील बहुतेकांना वाचता येत नव्हते. फुल्यांनी तो ठिकठिकाणी लोकांपुढे वाचून दाखवला. समोरच्या माणसाच्या चेहऱ्यावर मजकूर उमटतो की नाही हे लेखकाला तत्क्षणी कळावे, अशी ती व्यवस्था होती. आजच्या भाषेत आपण तिला प्रतिसाद म्हणू.

पुणे, १९५६

आता ज्या प्रयोगाविषयी लिहावे म्हणून मी हा लेख हाती घेतला, त्याकडे येतो. विस्तार शिक्षणाच्या पाठ्यपुस्तकांत त्याला एखादा परिच्छेद मिळतो. वास्तविक तो आपल्याच मातीत, आपल्याच भाषेत झाला आणि त्याचे निष्कर्ष पुढे जगभर अभ्यासले गेले.

कॅनडात १९४१ पासून शेतकऱ्यांची रेडिओ श्रवणमंडळे चालत होती. शेजारपाजारची कुटुंबे एकत्र जमून कार्यक्रम ऐकत, त्यावर चर्चा करत आणि आपले मत केंद्राला कळवत. हाच नमुना युनेस्कोच्या साहाय्याने आकाशवाणीने भारतात आजमावला आणि त्यासाठी पुणे केंद्राची निवड झाली. केंद्र नवे होते. १९५३ साली सुरू झालेले. आकाशवाणीचे तेव्हाचे महासंचालक जगदीशचंद्र माथुर, जे हिंदीतील नामांकित नाटककारही होते, या योजनेच्या पाठीशी होते. पुणे, अहमदनगर, नाशिक, उत्तर सातारा आणि कोल्हापूर या पाच जिल्ह्यांतील सुमारे दीडशे गावांत श्रवणमंडळे स्थापन झाली. प्रत्येक मंडळात वीसएक सभासद, एक निमंत्रक आणि चर्चेचे टिपण ठेवणारा एक चिटणीस. १९५६ च्या फेब्रुवारी ते एप्रिल या काळात आठवड्यातून दोनदा, अर्ध्या तासाचा, असे एकूण वीस कार्यक्रम झाले. कार्यक्रम संपला की रेडिओ बंद करायचा आणि बोलायला लागायचे. मंडळांचे प्रश्न टपालाने पुण्यास जात आणि पुढील एखाद्या कार्यक्रमात त्यांची उत्तरे दिली जात.

त्या काळच्या खेड्यात हे दृश्य कसे असेल याची कल्पना करून पाहावी. चावडीवर किंवा शाळेत कंदील, मधोमध रेडिओचा खोका, भोवती पागोटी आणि टोप्या. रेडिओ आजवर गाणी आणि बातम्या देणारा. वरून बोलणारा आणि उत्तराची अपेक्षा न ठेवणारा. आता तोच रेडिओ पुढील आठवड्यात आपल्या गावाचे नाव घेऊन आपल्या प्रश्नाचे उत्तर देणार!

प्रयोगाचे मूल्यमापन मुंबईच्या टाटा समाजविज्ञान संस्थेने केले आणि ते समाजशास्त्रज्ञ पॉल न्यूराथ यांच्या नेतृत्वाखाली झाले. त्यांची मांडणी साधी, पण फार नेमकी होती. श्रवणमंडळ असलेली वीस गावे तपासायची, आणि तुलनेसाठी श्रवणमंडळ नसलेली वीस गावे घ्यायची. या दुसऱ्या विसांपैकी दहांत रेडिओ आहे आणि दहांत तोही नाही. कार्यक्रमांपूर्वी आणि कार्यक्रमांनंतर लोकांना त्याच विषयांवर प्रश्न विचारायचे.

निकाल असा आला: श्रवणमंडळाच्या गावांत लोकांचे ज्ञान ठळकपणे वाढले. ज्या गावांत रेडिओ होता पण मंडळ नव्हते, तेथील वाढ नगण्य होती. रेडिओ मुळीच नसलेल्या गावांपेक्षा ती फारशी निराळी नव्हती. लिहिता-वाचता न येणाऱ्या सभासदांनाही चर्चेचा लाभ झाला. मंडळे केवळ बोलून थांबली नाहीत. काही गावांनी विहिरी खोदल्या, काहींनी शुद्ध वंशाचे वळू व लेगहॉर्न कोंबड्या आणल्या, कोठे बालवाडी सुरू झाली. माथुर आणि न्यूराथ यांचा अहवाल युनेस्कोने १९५९ साली प्रसिद्ध केला आणि त्याच वर्षी ही योजना देशभर विस्तारण्याचा निर्णय अमलात आला.

विस्तार कार्यकर्त्याने या निकालापाशी क्षणभर थांबावे. गावात रेडिओ असूनही लोकांच्या माहितीत जवळजवळ फरक पडला नाही. म्हणजे माहिती पोहोचवणे आणि माहिती समजणे या दोन क्रियांमध्ये जे अंतर आहे, ते यंत्राने भरून निघाले नाही, शेजारी बसलेल्या माणसाला “तुला काय वाटतं?” असे विचारण्याने ते भरून निघाले. शेतीची शिफारस बहुधा सशर्त असते. अमुक जमीन, अमुक पाणी, अमुक वाण असेल तर. ऐकणारा एकटा असला की ‘तर’ लक्षात राहते आणि ‘असेल’ निसटते. चौघांत बसला की कोणीतरी विचारतोच, “पण आपल्या मुरमाड रानात हे जमेल का?” आणि निसटलेली अट परत येते.

देशभर पसरल्यावर ही योजना पुढे मंदावली. त्याची कारणमीमांसा अनेकांनी केली आहे. माझे मत विचाराल तर, रेडिओ पुरवणे सोपे होते, प्रश्नांना उत्तरे देणारी माणसे पुरवणे कठीण होते. ट्रान्झिस्टर आला, रेडिओ चावडीवरून घरात आणि घरातून खिशात गेला, आणि ऐकणे हळूहळू एकट्याचे झाले. त्यात सोय होती. त्या सोयीची किंमत काय, हे तेव्हा कोणी मोजले नाही.

चित्र बोलते तेव्हा

दूरचित्रवाणीने प्रारंभी श्रवणमंडळाचाच कित्ता गिरवला. २६ जानेवारी १९६७ रोजी ‘कृषी दर्शन’ सुरू झाले ते दिल्लीभोवतीच्या ऐंशी गावांत बसवलेल्या सामूहिक संचांसाठी. पुढे मुंबई दूरदर्शनवरील ‘आमची माती, आमची माणसं’ने मराठी शेतकऱ्याला दुसऱ्या शेतकऱ्याचे शेत दाखवले. ही फार मोठी गोष्ट होती. कलम कसे बांधायचे हे हजार शब्दांत लिहून कळत नाही ते अर्ध्या मिनिटात दिसते. माहिती कृतीची असेल तेव्हा चित्राला तोड नाही.

पण चित्राचा एक दोष त्याच्या सामर्थ्यातूनच येतो. ते ‘आहे’ एवढेच सांगते. ‘कधी’, ‘कोठे’, ‘कितपत’ हे सांगत नाही. मे २०२० मध्ये टोमॅटोच्या बाबतीत याचा कटू अनुभव आला. अहमदनगर, पुणे, सातारा पट्ट्यात टोमॅटोच्या फळांवर पिवळे-हिरवे पट्टे येऊ लागले. शेतकऱ्यांनीच त्याला ‘तिरंगा’ म्हटले. कृषिविषयक बातम्यांत हा रोपांवरील विषाणूचा प्रश्न म्हणून आला. नमुने तपासणीला गेले आणि बंगळुरूच्या भारतीय बागवानी संशोधन संस्थेच्या तपासणीत प्रामुख्याने कुकुंबर मोझॅक विषाणू मिळाला. वनस्पतींचे हे विषाणू माणसाला आजारी पाडत नाहीत. तथापि ‘विषाणू’ हा शब्द त्या महिन्यात प्रत्येक घराच्या उंबऱ्याशी उभा होता. टाळेबंदी होती, पडद्यावर रुग्णांचे आकडे सतत सरकत होते. त्याच पडद्यावर टोमॅटोचे चित्र आणि विषाणू हा शब्द एकत्र आले, तेव्हा शहरी ग्राहकाने दोन्हींची सांगड घातली. आधीच बाजार बंद असल्याने हवालदिल झालेल्या उत्पादकाच्या मालाकडे लोक संशयाने पाहू लागले. बातमीतील वाक्ये वेगवेगळी तपासली तर अनेक बरोबर निघतील. शेजाराने त्यांचा अर्थ बदलला.

त्याच वर्षी फेब्रुवारीत कोंबडीच्या मांसाविषयीच्या अफवेने महाराष्ट्रातील कुक्कुटपालकांचे दर उत्पादनखर्चाच्या खाली नेले होते. खुलासे निघाले, तज्ज्ञांची निवेदने आली. खुलासा मात्र पत्रकाच्या भाषेत होता, आणि अफवा भावोजींच्या आवाजात.

मोबाईलवरील निरोपाचे मर्म मला येथेच दिसते. वृत्तपत्र हाती घेताना वाचक मनाशी अंतर राखतो. हे छापणाराचे म्हणणे आहे, हे तो जाणतो. मोबाईलवर तोच मजकूर साडू, मावसभाऊ किंवा गावच्या सोसायटीचा चिटणीस पाठवतो. पाठवणाऱ्यावरील विश्वास मजकुराच्या खाती जमा होतो. आणि मजकूर खोटा निघाला की मजकुराची नालस्ती पाठवणाऱ्याच्या खाती जमा होते, जसे मेहुण्यांच्या बाबतीत झाले. २०१८ साली व्हॉट्सअॅपने भारतात एका वेळी पाचच जणांना निरोप पुढे पाठवण्याची मर्यादा घातली आणि एप्रिल २०२० मध्ये अनेकवार फिरलेल्या निरोपांसाठी ती एकावर आणली. दोन बाणांची खूण म्हणजे हा मजकूर पुष्कळ हातांतून आला आहे, जपून वाचा. दाऊंनी तिचा अर्थ असा लावला होता की, इतक्या लोकांनी पाठवले म्हणजे महत्त्वाचे असणार. इशाऱ्याची खूण शिफारस ठरली होती. मी चार ठिकाणी विचारले. तिघांनी दाऊंचाच अर्थ सांगितला.

याच भूमीत वेगळी वाट चोखाळणारीही मंडळी आहेत. ओरछ्याजवळ २००८ पासून ‘रेडिओ बुंदेलखंड’ हे सामुदायिक केंद्र ९०.४ मेगाहर्ट्झवर बुंदेलीत बोलते. कार्यक्रमांत गावकऱ्यांचेच आवाज असतात. चित्रकूटहून २००२ साली निघालेल्या ‘खबर लहरिया’ने ग्रामीण स्त्रियांच्या हाती वार्ताहराची लेखणी दिली आणि नंतर कॅमेरा. या दोन्ही ठिकाणी ऐकणारा हाच कधीतरी बोलणाराही असतो. पुण्याच्या श्रवणमंडळाशी त्यांचे नाते मला जवळचे वाटते, जरी त्यांच्यात पन्नास वर्षांचे अंतर असले तरी.

पुन्हा नगऱ्यात

दाऊंना मी तेथल्या तेथे सारे समजावून सांगितले. त्यांनी मान डोलावली, पण चरी सुरू केली नाही. “तुम्ही म्हणता ते खरंच असेल, साहेब. पण म्हैस माझी आहे,” असे ते म्हणाले. मी एक टिपण लिहून त्यांच्या मोबाईलवर पाठवले. तेही त्यांनी वाचले. काही उपयोग झाला नाही, आणि मला त्याचा राग आला हे कबूल करतो. पुण्याचे निष्कर्ष तोंडपाठ असलेला माणूसही पहिला उपाय म्हणून आणखी एक निरोपच पाठवतो.

पुढच्या हाटाच्या दिवशी मैदानाच्या कडेला तीन पेंढ्या मांडल्या. एक ताण बसलेल्या तीन आठवड्यांच्या चरीची, दुसरी फुलोऱ्यात आलेल्या उन्हाळी चरीची, तिसरी वाळलेल्या करबीची. दहा-बारा गोठेवाले जमले. दाऊंना तोच लाल निरोप मोठ्याने वाचायला सांगितला आणि विचारले, हा निरोप या तिघींपैकी कोणत्या पेंढीविषयी आहे? बराच वेळ वाद झाला. मग एका म्हाताऱ्याने पहिल्या पेंढीवर काठी टेकवली आणि लहानपणी गुरे राखताना बाप कोणत्या रानात जाऊ देत नसे ते सांगितले. त्याच्याकडेही यासाठी शब्द होता. बुंदेलीतला, मला नवा. त्याने तो उच्चारताच आणखी दोघातिघांना आपापल्या गोष्टी आठवल्या. मी काही बोलण्याची गरज उरली नाही.

तेवढ्यात दाऊंनी असा प्रश्न विचारला, जो माझ्या टिपणात नव्हता आणि कोणत्याही घडीपत्रिकेत मी वाचलेला नव्हता. “शेत माझं नाही. मी पेंढी विकत घेतो. ती किती दिवसांची, पाणी मिळालं होतं की नाही, हे मला कसं कळावं?” आमची सगळी शिफारस पिकाच्या वयावर आधारलेली आणि ऐकणाऱ्यापाशी पीकच नाही! कणीस निसवलेले दिसले तर पेंढी घ्यावी, नुसते कोवळे पोंगे आणि कोमेजलेली पाने दिसली तर घेऊ नये, इतके मी सांगू शकलो. यावर पेंढ्या विकायला आलेला एक शेतकरी हसला. फुलोऱ्यापर्यंत थांबलो तर दांडा जाड होतो, म्हशी मागे टाकतात, तुम्ही भाव पाडता. म्हणून आम्ही लवकर कापतो, असे त्याने तोंडावर सांगितले. मग पेंढीमागे किती रुपये जास्त मिळाले तर तो थांबेल, यावर घासाघीस सुरू झाली. ती त्या दिवशी मिटली नाही, पण दोन गोठेवाल्यांनी त्याला आगाऊ पैसे दिले.

संध्याकाळी दाऊंनी आपल्याच आवाजात, बुंदेलीत, पाऊण मिनिटाचा निरोप ध्वनिमुद्रित केला. आरंभी आपले नाव, नगऱ्यातील गल्ली आणि तारीख सांगितली. कोवळी आणि पाण्याविना कोमेजलेली चरी घालू नका, कणीस निघालेली घाला, करबीला भिऊ नका, शंका असेल तर मला फोन करा, असे सांगितले. चार दिवसांत अठरा जणांनी फोन केले. बहुतेकांचे प्रश्न पेंढीच्या भावाचेच होते.

सहाव्या दिवशी दतियाच्या एका क्रमांकावरून दाऊंना लेखी निरोप आला. वर दोन बाण होते. मजकूर होता: झाशीच्या तज्ज्ञांनी तपासून सांगितले आहे की चरी पूर्णपणे सुरक्षित असून जनावरांना बिनधास्त घालावी. दाऊंनी तो दोनदा वाचला, चष्मा काढला आणि त्या क्रमांकावर फोन लावला.